चित्रं येत नाहीत, तरी ॲनिमेत लेखक होता येतं का?

तुमचे प्रश्न दोन: चित्रकला येत नसताना ॲनिमेचा, म्हणजे जपानी ॲनिमेशनचा, लेखक होता येतं का, आणि ॲनिमेच्या पटकथालेखिका मारी ओकादा एवढ्या नावारूपाला कशा आल्या. मी दुसऱ्यापासून सुरुवात करतो, पहिल्याचं उत्तर त्यातच आहे.

ओकादांची 'आनोहाना' पाहून वाटतं की बाईंनी मन मोकळं केलं आणि रातोरात नाव झालं. पण ती मालिका आली २०११ मध्ये, आणि त्यांचं ॲनिमेतलं काम सुरू झालं १९९८ साली, 'डीटी एट्रॉन'पासून. मधली तेरा वर्षं मुख्यतः दुसऱ्यांच्या कथा मालिकेत बसवण्यात गेली.

हे बसवणं म्हणजे काय, ते नीट समजून घ्या. आपल्याकडे श्रेयनामावलीत कथा, पटकथा, संवाद अशी वाटणी असते. तिकडे 'सिरीझ कोसेई' नावाचं एक वेगळंच पद असतं. अख्ख्या मालिकेचा आराखडा आखायचा, कुठल्या भागात काय घडेल ते ठरवायचं, काही भाग इतर लेखकांना द्यायचे, काही स्वतः लिहायचे. ओकादांचीच 'तोरादोरा' (२००८) घ्या: मूळ कादंबऱ्यांचे दहा खंड, मालिकेचे भाग पंचवीस, आणि एका भागाला जेमतेम वीस-बावीस मिनिटं. काय गाळायचं हे ज्याला कळतं तोच तिथे टिकतो. वर 'होन्योमी' असते, म्हणजे दिग्दर्शक, निर्माते असे सगळे बसून संहिता वाचतात, खोट काढतात आणि लेखक पुन्हा लिहायला बसतो. एकदा, दोनदा, पाचदा. लिहिलेल्या ओळीवर फार जीव असेल तर हा धंदा तुमचा नाही, हे स्पष्टच सांगतो.

'तोरादोरा'मध्येच दिग्दर्शक तात्सुयुकी नागाई आणि पात्रांचं रूप रेखाटणारे मासायोशी तानाका यांच्याशी त्यांची जोडी जमली. 'आनोहाना' याच तिघांची.

आता खासगी बाजू, जी त्यांनी स्वतःच २०१७ च्या आत्मकथनात मांडली आहे. त्या चिचिबूच्या, जपानच्या सैतामा प्रांतातल्या डोंगरांनी वेढलेल्या गावच्या. लहानपणी शाळेत जाणं थांबलं आणि कित्येक वर्षं घरातच गेली. 'आनोहाना'तला नायक जिंता शाळेत जात नाही आणि गोष्ट घडते चिचिबूतच, हा योगायोग नव्हे. पण तेरा वर्षं कारागिरी घोटल्यावर तो अनुभव बाहेर आला, हे माझ्या मते जास्त महत्त्वाचं. विशीत लिहिला असता तर नुसती कैफियत झाली असती.

'आनोहाना'च्याच वर्षी त्यांची 'हानासाकु इरोहा' ही मालिकाही आली. तिच्यातला काल्पनिक बोनबोरी उत्सव कानाझावाजवळच्या युवाकु ओनसेन या गरम झऱ्यांच्या ठिकाणी २०११ पासून खरोखर भरायला लागला!

राहिला चित्रांचा प्रश्न. २०१८ मध्ये त्यांनी 'माकिया' हा चित्रपट स्वतः दिग्दर्शित केला. त्या मूळच्या चित्रकार नाहीत, म्हणून अनुभवी दिग्दर्शक तोशिया शिनोहारा 'कोअर डायरेक्टर' म्हणून सोबत होते. तेव्हा पेन्सिलची काळजी सोडा आणि आधी जपानी पक्की करा. होन्योमीतली खडाजंगी जपानीतच चालते.