पुण्यातलं पंचहौद चर्च अँग्लिकन आहे की सीएनआय?

आता सीएनआय, म्हणजे चर्च ऑफ नॉर्थ इंडिया, पण मूळ अँग्लिकनच, म्हणजे इंग्लंडच्या चर्चच्या परंपरेतलं. आधी अख्खा हिंदुस्थान कलकत्त्याच्या बिशपकडे होता, कॅम्पातलं सेंट मेरीज चर्च बघा, त्याचं अर्पण 1825 मध्ये कलकत्त्याचे बिशप हेबर यांनी येऊन केलं, मग 1837 ला मुंबई धर्मप्रांत (एका बिशपच्या अखत्यारीतला प्रदेश) वेगळा झाला आणि पुणं त्याच्यात आलं. 29 नोव्हेंबर 1970 ला नागपुरात सहा चर्चेस एकत्र येऊन सीएनआय झालं, त्यात अँग्लिकनही गेले, म्हणून आता ते वेगळे दिसत नाहीत.

पंचहौद म्हणजे गुरुवार पेठेतलं पवित्र नाम देवालय, आता पुणे धर्मप्रांताचं कॅथेड्रल, म्हणजे बिशपचं मुख्य चर्च. एकदा रविवारी सकाळी जाच, त्या उंच मनोऱ्यातल्या आठ घंटा आणि आत मराठी उपासना, मला तर दरवेळी भरून येतं.

आणि हो, 1890 चं ते चहाचं ग्रामण्य, म्हणजे जातबहिष्काराचा वाद, इथलंच. मिशनऱ्यांकडे चहा घेतला म्हणून टिळक, रानडे यांच्यावर केवढा गहजब झाला, प्रायश्चित्तापर्यंत गेलं प्रकरण. पण मिशनच्या शाळा, दवाखाने पेठेत, गोरगरिबांच्या वस्तीत होते, ते काम खरं मोठं, त्याबद्दल फार कमी बोललं जातं.