"हं, आईला देतो"

"मॅडम, बाबा माझ्याशी बोलतच नाहीत." मुलगा पुण्या-मुंबईत नोकरीला, वडील गावी नारळ-सुपारीच्या वाडीत, समुपदेशनाच्या कामात अशा इतक्या जणांकडून हे ऐकलंय की एकदा लिहायचं ठरवलं. ओळख पटू नये एवढे बदल करून एकाची गोष्ट सांगते.

तो श्रीवर्धनकडचा, वय ३४. फोन बाबांनी उचलला की, "हं, आईला देतो," एवढंच. पण खरा सल होता ३ जून २०२० च्या निसर्ग वादळाचा. वाडीतल्या सुपारीच्या पोफळी, माड आडवे झाले. टाळेबंदीत प्रवासाचा पास मिळवून हा पाचव्या दिवशी घरी पोचला. बाबांनी एकदा पाहिलं, "जेवून घे" म्हणाले आणि कोयता उचलून मागे निघून गेले.

"मला जवळ घ्यायलाच हवं होतं ना त्यांनी?"

त्या 'च'पाशी मी त्याला थांबवलं. माझ्या कामाचा सगळा भर या एका अक्षरावर असतो. 'जवळ घेतलं असतं तर बरं वाटलं असतं' ही इच्छा. ती अपुरी राहिली की वाईट वाटतं. 'घ्यायलाच हवं होतं' हा हुकूम. तो मोडला की राग येतो आणि वर्षानुवर्षं निवत नाही. त्याला तेच वाक्य 'च' काढून म्हणायला लावलं. तिसऱ्यांदा म्हणताना आवाज कापला. "फार वाईट वाटलं हो मला." चार वर्षांत हे त्याने कुणालाही सांगितलं नव्हतं.

मग काम दिलं. फोनवर तब्येत, औषधं, पैसे हे विषय बंद. वाडीतलं काहीतरी विचारायचं, तेही आपल्याला खरोखर माहीत नसलेलं. दोन फोन फुकट गेले. तिसऱ्यांदा त्याने विचारलं, नव्या पोफळींमध्ये केळी कशाला लावल्यात? बाबा अकरा मिनिटं बोलले. कोवळ्या रोपाला ऊन सोसत नाही, केळीची सावली लागते. सुपारी धरायला पाच-सात वर्षं जातात.

दिवाळीत तो बाबांना घेऊन आला. मी काकांना त्या दिवसाबद्दल विचारलं. बराच वेळ ते टोपी दुमडत राहिले.

"त्याला बघितला नि गुडघ्यातलं बळ गेलं. माझ्या बापसाने लावलेली झाडं पडली तेव्हा रडलो नव्हतो. पोरासमोर कसा रडू? म्हणून मागे गेलो."

मी मध्ये एक शब्द बोलले नाही. अशा वेळी गप्प बसणं मला बऱ्याच वर्षांच्या सरावाने जमलंय.

तुमच्या घरीही असं असेल, तर वडिलांना समोर बसवून "आपण बोलूया" म्हणू नका. त्या पिढीच्या माणसाला ती झडती वाटते. शेजारी बसून सुपाऱ्या सोला. हात कामात असले की तोंड उघडतं. आणि आयांनो, फोन लगेच हातात घेऊ नका. "तुम्हीच बोला जरा" म्हणा आणि पडवीत जा. बाप मारझोड करणारा असेल, तर मात्र यातलं काही करू नका. तिथे आधी स्वतःला जपायचं.

तो मुलगा दर रविवारी फोन करतो. "आईला देतो" अजूनही ऐकू येतं, पण आधी वाडीतलं काहीबाही सांगून होतं.