काकूंना विचारा : वाटीभर साखर मागायला येणारी बाई

या महिन्यात तीनच पत्रं घेतली आहेत. पहिल्यानंच बहुतेक जागा खाल्ली. बाकीच्यांनी रागावू नये, पुढच्या अंकात बघू.

प्रश्न : काकू, मी खानापूरची. रोज बसनं बेळगावला कॉलेजला येते. दोन वर्षं कॉलेजच्या एकांकिकेत आहे आणि दोन्ही वर्षी शेजारीणच झाले. यंदा तिसऱ्यांदा तेच. वर दिग्दर्शक म्हणाले, ‘तुझा आवाज चांगला आहे, पण चेहरा नायिकेचा नाही.’ तेव्हापासून मी तालमीला गेलेली नाही. मैत्रिणीनं मोबाइलवर एक जुनी कृष्णधवल अमेरिकन विनोदी मालिका दाखवली. तिच्यातली ब्लांच नावाची शेजारीण मला नायिकेपेक्षा आवडली. ती बाई कोण? आणि तुम्ही जन्मभर शेजारणीच केल्यात म्हणतात, ते खरं का? — एक विद्यार्थिनी

उत्तर : खरं आहे गे. सत्तावीस वर्षांत एकोणीस नाटकं केली. त्यांत अकरा शेजारणी, पाच आत्या-मावश्या, एक नर्स, एक वकीलीणबाई आणि एक भूत. भुताला संवाद नव्हते. नायिका एकदाही नाही. म्हणजे पत्र तू बरोबर पत्त्यावर टाकलंस.

तुझी ब्लांच म्हणजे बी बेनाडेरेट. ती मालिका जॉर्ज बर्न्स आणि ग्रेसी ॲलन या खऱ्याखुऱ्या नवरा-बायकोची. १९५० च्या ऑक्टोबरात सुरू झाली, १९५८ पर्यंत चालली, भाग झाले २९१. ग्रेसी बोलायला लागली की शहाणपणाचे चारी पाय वर. जॉर्ज सिगार ओढत बाजूला उभा राहून थेट प्रेक्षकांशी गप्पा मारणार. मग ग्रेसीचं ऐकून घ्यायला घरात कोणीतरी पाहिजे की! ती ही शेजारीण.

भाच्यानं टॅबवर लावून दिल्यापासून मी यांचे कितीतरी भाग बघितले. इंग्रजी निम्मंच कळतं. पण एक गोष्ट आवाज बंद करूनसुद्धा कळली. ग्रेसी काहीतरी अचाट बोलते. बी लगेच तोंड वाकडं करत नाही. आधी नीट ऐकते. मग ते तिला पटतं, अगदी खरंच पटतं, आणि त्यानंतर तिच्या लक्षात येतं की अरे, हे आपल्याला पटलं कसं! हशा तिथं येतो. वाक्य ग्रेसीचं, हशाही ग्रेसीच्या खात्यावर जमा, पण तो फुटतो या बाईच्या तोंडावर. आपल्याकडच्या शेजारणी काय करतात? विनोदी वाक्य आलं की डोळे वटारायचे, पदर तोंडाला लावायचा, म्हणजे प्रेक्षकांच्या आधी आपणच हसून मोकळ्या. मीही पहिली सात वर्षं हेच केलं आणि मलाच वाटायचं, काय भारी काम करते मी.

ब्लांचचा नवरा हॅरी. या हॅरीचं काम आठ वर्षांत एकामागून एक चार नटांनी केलं : हॅल मार्च, जॉन ब्राऊन, फ्रेड क्लार्क आणि लॅरी कीटिंग. १९५३ मध्ये क्लार्क गेला तेव्हा जॉर्ज बर्न्सनं काय करावं? नवऱ्याला हाणायला हात उगारलेल्या ब्लांचला तसंच थांबवलं, स्वतः पुढे आला, क्लार्क मालिका सोडून चाललाय म्हणून प्रेक्षकांना सांगितलं, कीटिंगची ओळख करून दिली, नव्या नवऱ्याला जुन्याच्या जागी उभं केलं आणि प्रवेश पुढे चालू. ब्लांचनं नव्या हॅरीला हाणलं. चार नवरे आले तरी संसार एकच वाटला, कारण बायको तीच होती. आमच्याकडे नायक बदलला की अख्खी तालीम पहिल्यापासून, आणि रुसवेफुगवे वेगळेच.

आता चेहऱ्याचं बघू. बीचा जन्म ४ एप्रिल १९०६ चा, न्यूयॉर्कचा. वाढली सॅन फ्रान्सिस्कोत. वडील तुर्कस्तानातून आलेले ज्यू, धंदा तंबाखूचा (निपाणीकरांनी नोंद घ्यावी), आई आयरिश. सॅन फ्रान्सिस्कोच्या केएफआरसी या रेडिओ केंद्रावर ती शिकली, १९३६ मध्ये हॉलिवूडला गेली आणि नामवंत नट-दिग्दर्शक ऑर्सन वेल्सच्या रेडिओ-नाटकांपर्यंत पोचली. तिथं तोंड कोण बघतो? तेव्हा कार्यक्रम थेट प्रसारित व्हायचे. कागद हातात धरायचा, पान उलटताना सळसळ होऊ द्यायची नाही, लांबून आल्यासारखं वाटायला माइकपासून पावलं मोजून मागं सरायचं. पश्चिम किनाऱ्यासाठी तोच कार्यक्रम तीन तासांनी पुन्हा पहिल्यापासून करायचा. एकाच नटाकडं पाच-सहा आवाज असले तर निर्मात्याला तो सोन्याहून पिवळा. बीकडं ते होते. एका कार्यक्रमात उच्चभ्रू मिसेस कारस्टेअर्स, दुसऱ्यात मुख्याध्यापिका ईव्ह गुडविन, आणि विनोदी नट जॅक बेनीच्या कार्यक्रमात टेलिफोन ऑपरेटर गर्ट्रूड. सारा बर्नर ही तिची जोडीदारीण मेबल. दोघी बोर्डावर बसून फोन जोडायचं सोडून मालकाच्या चिकटपणाची उणीदुणी काढत बसायच्या.

आमच्या घरी आकाशवाणीचं मुंबई केंद्र खरखरत लागायचं. ‘पुन्हा प्रपंच’ या श्रुतिकेतले टेकाडे भावजी म्हणजे बाळ कुडतरकर, मीनावहिनी म्हणजे नीलम प्रभू. माझ्या आईनं मीनावहिनींना जन्मात पाहिलं नव्हतं, पण त्या कोणत्या रंगाची साडी नेसून बोलतात याबद्दल तिचं मत ठाम होतं. तुझ्या दिग्दर्शकांना हे सांगून बघ.

हातचं गेलेलंही ऐक. १९४८ पासून रेडिओवर विनोदी नटी लुसील बॉलची एक मालिका होती. तिच्यात बँकवाल्या ॲटरबरीची बायको आयरिस म्हणजे बी. १९५१ मध्ये लुसील टीव्हीवर ‘आय लव्ह लुसी’ घेऊन आली, तेव्हा शेजारीण एथेलसाठी तिला पहिल्यांदा हवी होती बीच. पण बी आधीच ब्लांचच्या करारात अडकलेली. एथेलचं काम गेलं व्हिव्हियन व्हान्सकडं. पुढे १९५४ मध्ये मालिकेतल्या सहायक अभिनेत्रीचा एमी पुरस्कार जाहीर झाला. नामांकनात दोघी होत्या. मिळाला व्हान्सला. पुढच्या वर्षी बीला पुन्हा नामांकन, पुन्हा रिकाम्या हातानं घरी. त्याआधी १९५२ मध्ये त्याच लुसीच्या मालिकेत बी एका भागापुरती पाहुणी होऊनही आली होती, मिस लुइस नावाची अविवाहित शेजारीण. किराणावाल्यावर जीव जडलेली. मी तो भाग तीनदा बघितला. गेलेल्या कामाची खंत कुठं दिसते का, ते शोधत होते. नाही दिसली. किराणावाला दिसला की लाजायचं कसं, एवढंच तिनं मनावर घेतलेलं.

मी असते तर गेले असते का? नसते गेले. आमच्या मंडळात माझ्या हातचं एक काम दुसरीला गेलं तर मी दोन वर्षं तिच्याशी बोलले नव्हते. काम कसलं, तर मावशीचं!

बीला १९६२ मध्ये ‘बेव्हर्ली हिलबिलीज’मधली आजी हवी होती. तीही आयरीन रायनला मिळाली आणि हिच्या वाट्याला पर्ल नावाची नात्यातली बाई. त्याच मालिकेचा लेखक पॉल हेनिंग. दुसऱ्या वर्षी, १९६३ मध्ये, त्यानं ‘पेटिकोट जंक्शन’ आणली ती बीला मध्ये ठेवूनच : आगगाडीच्या रुळाशेजारचं हॉटेल, तीन पोरी आणि ते सगळं ओढणारी विधवा केट ब्रॅडली. पहिली मुख्य भूमिका. तेव्हा बीचं वय सत्तावन्न. शेवटी फुप्फुसाच्या कॅन्सरनं गाठलं. तिच्या अखेरच्या भागात आवाज तेवढा तिचा आहे, पाठमोरी दिसते ती दुसरीच बाई.

सत्तावन्नपर्यंत थांब असं मी सांगत नाही. मंगळवारपासून तालमीला जा, एवढंच सांगते. आणि जाताना एक ठरवून जा : तुझी शेजारीण त्या घरात कशाला येते? ‘साखर मागायला’ हे लेखकाचं उत्तर. माझ्या एका नाटकात मी वाटी घेऊन यायची. सांगलीच्या प्रयोगात नायिकेला वाक्यच आठवेना. प्रॉम्प्टर खोकतोय, तिचा चेहरा पांढराफटक. मी वाटी पुढे केली आणि नुसती तिच्याकडे बघत राहिले, जणू साखर देते की नाही याच्यावर माझा चहा नाही, संसार अडलाय. हशा पिकला. तेवढ्यात तिला वाक्य सापडलं. दुसऱ्या दिवशी पेपरात तिचं कौतुक आलं, माझं नाव चुकीचं छापून आलं. पण त्या दिवसापासून मला कळलं की ही बाई साखरेला येतच नाही. घरी एकटीला करमत नाही म्हणून येते. तुझी कशाला येते ते शोध आणि पुढच्या पत्रात मला कळव. दिग्दर्शकांना सांगू नकोस.

प्रश्न : नातू फ्लिंटस्टोन्सचं कार्टून बघतो. त्यातल्या बार्नीची बायको बेटी हसते तसंच आमची धाकटी नणंद हसते. तो आवाज कुणाचा हो? — एक आजी, निपाणी

उत्तर : आजी, योगायोग बघा, वरच्या उत्तरातलीच बाई. १९६० ते १९६४ बेटीचा आवाज बी बेनाडेरेटचा. ‘पेटिकोट जंक्शन’मधल्या केटच्या कामाचा बोजा वाढला तेव्हा तिनं सोडलं आणि बेटी गेरी जॉन्सनकडे गेली. नणंदेचं हसणं पहिल्या चार वर्षांतल्यासारखं आहे की नंतरच्यासारखं, ते तुम्हीच ताडून बघा.

यात एक गंमत आहे. त्याच्या कितीतरी आधी, १९४३ पासून, बी वॉर्नर ब्रदर्सच्या कार्टूनना आवाज द्यायची. ट्वीटी पक्ष्याला जपणारी, मांजराला छत्रीनं बडवणारी ती आजीबाईही पहिल्यांदा तिचीच. पण पडद्यावर तिचं नाव नाही. आवाजाचं श्रेय मेल ब्लँक या एकाच कलावंताला द्यायचं, असा त्याचा करार होता. आणि फ्लिंटस्टोन्समध्ये बेटीचा नवरा बार्नी, त्याचा आवाज कुणाचा? याच मेल ब्लँकचा. या वेळी मात्र दोघांचीही नावं लागली.

प्रश्न : गणेशोत्सवात आमच्या गल्लीत श्रुतिका करायची आहे. पडद्यामागून नुसते आवाज. दार, घोडा, पाऊस हे कसं करायचं? मोबाइलवरचे आवाज खोटे वाटतात. — मंडळाचा एक कार्यकर्ता, शहापूर

उत्तर : मोबाइल नकोच. घोड्याला नारळाच्या दोन करवंट्या, मातीच्या ढिगावर. चालण्याला परातीत खडी घालून तिच्यावर वहाणा आपटायच्या. आगीला कुरकुरीत प्लॅस्टिकचा कागद माइकजवळ हळूहळू चुरगळायचा. दाराला दारच लागतं. सुताराकडून चौकटीसकट हातभर उंचीचं करून घ्या, कडी खरी बसवा. विजेला पातळ पत्रा टांगून हलवा. पाऊस करायच्या भानगडीत पडू नका. भाद्रपदात बेळगावात तो आपणहून येतो आणि तुमच्या मांडवाच्या पत्र्यावर कुणापेक्षाही चांगला वाजतो.

हे आवाज करणारा माणूस चांगला निवडा. जॅक बेनीच्या कार्यक्रमात दारं-पावलं वाजवणाऱ्यांत यूजीन ट्वॉम्ब्ली होता. बी बेनाडेरेटचा दुसरा नवरा. ही माइकसमोर, तो करवंट्यांपाशी. १३ ऑक्टोबर १९६८ ला ती गेली. चार दिवसांनी तोही गेला.

तुमच्या पत्रिकेत त्या पोराचं नाव घाला. ‘मदतनीस’ म्हणून खाली नको, नटांच्या ओळीत. आणि छापण्याआधी स्पेलिंग एकदा त्यालाच दाखवा.