इंग्रजांच्या राजवटीत पारंपरिक इग्बो समाजाचं काय झालं, ते साहित्यात कसं दिसतं?

नायजेरियातला इग्बो समाज इंग्रजांनी मोडला तो नेमका कसा, असा तुमचा प्रश्न आहे. नायजेरियन लेखक चिनुआ अचेबेच्या दोन कादंबऱ्यांवरून सांगते, दोन्ही मी बऱ्याचदा वाचल्यात.

बंदुका आल्या आणि गावं संपली असं बरेच जण म्हणतात. बंदुका आहेतच, पण 'थिंग्ज फॉल अपार्ट' (१९५८) मध्ये तडा घरातनंच जातो. जुळी मुलं झाली की मडक्यात घालून रानात टाकायची अशी रीत, ते रडणं ऐकून कादंबरीच्या नायकाचा, ओकोंक्वोचा, मुलगा न्वोये आतनं हललेला, त्यात भावासारख्या असलेल्या इकेमेफुनाला बापानेच मारलेलं. मग मिशनवाल्यांचं गाणं कानावर पडतं आणि पोरगं तिकडे जातं. ओसू, म्हणजे देवाला वाहिलेले आणि म्हणून कायमचे बाहेर ठेवलेले लोक, तेही जातात. गावाने चर्चला जागा दिलेली ती भुताखेतांच्या रानात, चार दिवसांत मरतील म्हणून, आणि कोणीच मरत नाही! अचेबे आपल्या माणसांची ही बाजू झाकत नाही, म्हणूनच मला तो खरा वाटतो.

चर्चच्या पाठोपाठ कोर्ट. बोलणी करायला म्हणून सहा पुढाऱ्यांना बोलावतात आणि बेड्या घालतात, दंड २०० पोती कवड्या, पण कोर्टाचे शिपाई गावात सांगतात २५०, वरची ५० त्यांची. आत पुढाऱ्यांची डोकी भादरतात. मला दरवेळी इथे राग येतो, ज्या गावात राजाच नव्हता, सगळे बसून बोलून ठरवायचे, तिथे आता भाषाही न कळणारा साहेब न्याय देतोय.

'ॲरो ऑफ गॉड' (१९६४) माझ्या मते जास्त खोल आहे. इंग्रजांना गावात आपला नेमलेला चीफ हवा असतो, उलू देवाचा पुजारी एझेउलू नाही म्हणतो, तर त्याला कोंडून ठेवतात. नवी चंद्रकोर दिसली की एक पवित्र याम (कोनफळाच्या जातीचा कंद) खायचा हे त्याचं काम, दोन चंद्र चुकतात. सुटून आल्यावर तो म्हणतो, उरलेले पवित्र याम खाऊन संपल्याशिवाय नव्या पिकाचा सण नाही, आणि सणाशिवाय नवं पीक काढता येत नाही. शेतात याम कुजायला लागतात, घरात उपासमार. तेव्हा चर्चवाले सांगतात, याम आमच्या देवाला वाहा आणि खुशाल पीक काढा, उलू काही करणार नाही. आणि लोक जातात, घरात पोरं उपाशी आहेत ना.