मेलबर्नला येऊ पाहणाऱ्या प्रोटेक्शन अभियंत्यास

स. न. वि. वि.

220 केव्ही उपकेंद्राच्या चाचणी विभागातला तुमचा अनुभव मेलबर्नमध्ये उपयोगी पडेल का, केबल, फायबर आणि रिलेची (बिघाड ओळखून ब्रेकरला लाइन तोडायला लावणाऱ्या उपकरणाची) आपली गणिते तिकडे चालतात का, आणि सहावीतल्या मुलीला घेऊन यावे का, असे तुम्ही विचारले आहे. व्हिसाचे प्रकार, गुण आणि शुल्क सरकारी संकेतस्थळावर आहे, त्यात मी शिरत नाही. तुमच्या प्रश्नाने माझ्याच काही जुन्या गोष्टी वर आल्या, म्हणून उत्तर लांबले आहे.

गणित तेच आहे. वारंवारिता 50 हर्ट्‌झच आहे, जादा करंटवर चालणाऱ्या ओव्हरकरंट रिलेचा वक्र तोच आहे आणि एकामागोमाग चालायच्या दोन रिलेंमधले 0.3 ते 0.4 सेकंदांचे अंतरही तेच आहे. बदलतात ती गृहीतके. केबलची क्षमता काढताना आपण जमिनीचे तापमान 30 अंश धरतो. केबल निवडीच्या इथल्या एएस/एनझेडएस 3008 या मानकात ते 25 अंश आहे आणि मातीचा औष्णिक रोधही कमी धरलेला आहे, त्यामुळे आपल्या कॅटलॉगमधला आकडा इथे तसाच उचलता येत नाही. 10 किलोअँपिअरचा फॉल्ट, म्हणजे बिघाडाचा करंट, 0.5 सेकंदात तुटणार असेल, तर अ‍ॅल्युमिनियमच्या एक्सएलपीई (एका प्रकारच्या प्लास्टिक आवरणाच्या) केबलसाठी 94 हा स्थिरांक धरून 75 चौरस मिमी येतात, म्हणजे 95 ची केबल घ्यावी लागते; तोच फॉल्ट पहिला रिले चुकल्यावर बॅकअप रिलेने एका सेकंदात तोडायचा असेल, तर 106 येतात आणि 120 ची लागते. हे तुम्ही झोपेतही कराल. पण माझ्या मुलाखतीत 95 की 120 हे कोणी विचारले नाही. तो अर्धा सेकंद कोणत्या रिलेच्या कोणत्या सेटिंगमधून आला आणि ब्रेकर अडकला तर काय, यावरच बराच वेळ गेला.

फायबरच्या बाबतीतही तसेच आहे. ओपीजीडब्ल्यूवरून, म्हणजे लाइनच्या माथ्यावरच्या अर्थ वायरमधल्या फायबरवरून, 60 किमीचा दुवा 1550 नॅनोमीटरवर घेतला, तर किलोमीटरमागे 0.25 डीबी धरून 15, जोडांचे दीड, दोन कनेक्टरांचा एक आणि राखीव 3, असे साडेवीस डीबी होतात, आणि इतका हिशेब कोणीही करतो. लाइनच्या दोन टोकांचे करंट फायबरवरून ताडून पाहणाऱ्या लाइन डिफरन्शियल रिलेसाठी खरा प्रश्न जाण्याच्या आणि येण्याच्या वाटेतील फरकाचा असतो, कारण रिले एकूण वेळेचा निम्मा वेळ एका दिशेचा धरतो. संचार यंत्रणेने एकच दिशा लांबच्या मार्गावर वळवली आणि एका मिलिसेकंदाचा फरक पडला, तर अर्ध्या मिलिसेकंदाची चूक म्हणजे 9 अंश होतात, आणि निरोगी लाइनवरही भाराच्या सुमारे 16 टक्के खोटा डिफरन्शियल करंट दिसतो. हे तुम्ही प्रत्यक्ष पाहिले असेल तर तुमच्या अर्जात सर्वांत वर तेच लिहा.

मेलबर्न ज्या राज्यात आहे त्या व्हिक्टोरियात एक गोष्ट मात्र मुळापासून वेगळी आहे. आपल्याकडे फीडर (लाइन) ट्रिप झाला की ट्रायल घेतात, म्हणजे तो पुन्हा चालू करून पाहतात, आणि होल्ड झाला, म्हणजे टिकला, की विषय संपतो. इथे 7 फेब्रुवारी 2009 च्या वणव्यांत 173 माणसे गेली आणि त्यांतल्या काही मोठ्या आगींचे मूळ वीजवाहिन्यांतील बिघाडात निघाले. त्यानंतर आगीचा धोका असलेल्या भागांतील 22 केव्हीच्या जाळ्यावर अशी यंत्रणा बसवली गेली की अर्थ फॉल्ट होताच, म्हणजे एखादी तार जमिनीला लागताच, त्या फेजचे व्होल्टेज 85 मिलिसेकंदांत 1900 व्होल्टपर्यंत आणि दोन सेकंदांत 250 व्होल्टपर्यंत खाली आले पाहिजे. कडक उन्हाळ्याच्या दिवशी ट्रायल घेण्याचा आपला हात इथे आवरावा लागतो. हे शिकताना मला खरा आनंद झाला, आणि इथे आल्याचे समाधान आहे ते मुख्यतः याच कामामुळे.

आता कागदपत्रांविषयी. अभियांत्रिकी पदव्यांना देशोदेशी मान्यता देणाऱ्या वॉशिंग्टन कराराचा भारत 2014 मध्ये पूर्ण सदस्य झाला. आपली पदवी त्याआधीची असेल, तर अभियंत्यांची पात्रता तपासणाऱ्या एंजिनिअर्स ऑस्ट्रेलिया या संस्थेला तीन प्रकल्पांचे सविस्तर निवेदन द्यावे लागते, आणि प्रत्येकात तुम्ही स्वतः काय केले तेच सांगायचे असते. माझ्या हयातीतल्या सगळ्या सेटिंग शीटवर सही वरिष्ठांची होती आणि माझे नाव फार तर चाचणी अहवालाच्या तळाशी. रात्री दोन वाजता लाइन कशाने गेली ते मी शोधले होते, याचा पुरावा कुठून आणायचा? प्रमाणपत्रासाठी जुन्या कार्यालयात खेटे घालताना जो मनस्ताप झाला, तो अजून गेलेला नाही. तुम्ही चाचणी अहवालांच्या प्रती आणि कामाचे सविस्तर पत्र पदावर असतानाच घेऊन ठेवा. सोडून गेलेल्या माणसाच्या कागदाला कोणी हात लावत नाही.

हेही ऐकून ठेवा की इथे अभियंत्याला घरातला सॉकेटसुद्धा स्वतः बदलता येत नाही, त्याला परवानाधारक इलेक्ट्रिशियन लागतो. रिलेत करंट घालून तपासणारे माझे हात आता दुसऱ्यांची गणिते पडद्यावर तपासतात. पगार चांगला आहे. पण मध्यरात्री लाइन गेली की आता मला कोणी फोन करत नाही, आणि याचे मला इतके वाईट वाटेल असे वाटले नव्हते.

एकटेपणाचे म्हणाल, तर तो असतो. महाराष्ट्र मंडळ आहे, गणपती बसतो, तिथे जा.

मुलीचे मात्र नीट ऐका. आम्ही मे महिन्यात आलो, तेव्हा इथले शालेय वर्ष अर्धे होत आले होते. माझी मुलगी मराठी माध्यमात सहावी उत्तीर्ण झाली होती. शाळेने तिला पुन्हा सहावीतच बसवले आणि इंग्रजीच्या जादा वर्गासाठी नेमके विज्ञानाच्या तासाला बाहेर काढले. गुणोत्तर-प्रमाण तिला पाठ होते, पण शाब्दिक उदाहरण वाचता येईना म्हणून तिला गणितात मागे ठरवले गेले. मी शाळेत जाऊन तिच्या वह्या दाखवल्या; शिक्षिकेने पाने उलटली, अक्षर सुंदर आहे म्हणाल्या आणि मिटून परत दिल्या. आज मुलगी अस्खलित इंग्रजी बोलते आणि तो विषय काढला तर हसते, पण माझा राग तसाच आहे.

म्हणून तुम्ही एप्रिलचा निकाल हातात घेऊन लगेच निघू नका. नोकरी मिळालीच तर आधी एकटे या, आणि मुलीला जानेवारीत आणा, कारण इथले वर्ष जानेवारीअखेर सुरू होते. मधल्या महिन्यांत तिला शाब्दिक गणिते इंग्रजीतून सोडवायला लावा, आणि प्रवेशाच्या भेटीतच विचारून घ्या की जादा वर्ग कोणत्या तासाला असतो.