यवनांचा बाप कोण?

प्रश्न असा आहे: "इतिहासाच्या पुस्तकात यवन म्हणजे ग्रीक आणि बखरीत यवन म्हणजे मुसलमान, हे कसं? आणि यवन हा शब्द 'आयोनियन'वरून आला असेल, तर सगळे ग्रीक आयोनियन होते का?"

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण पहिल्याचं त्यातच दडलंय. सगळे ग्रीक आयोनियन नव्हते. आयोनियन हा त्यांच्यातला एक गट. आजच्या तुर्कस्तानच्या पश्चिम किनाऱ्यावर मिलेटस, एफेसस अशी त्यांची शहरं होती. पूर्वेकडून येणाऱ्याला ग्रीक म्हणून पहिल्यांदा भेटायचे ते हेच. मग त्यांचंच नाव सगळ्यांना चिकटलं. आपल्याकडे तमिळ, तेलुगू, मल्याळी, कन्नड सगळ्यांना सरसकट 'मद्रासी' म्हणणारे लोक असतात ना, त्यातलाच प्रकार.

शब्दाच्या आत डोकावलं तर एक गंमत दिसते. या नावाचं जुनं ग्रीक रूप 'इआवोनेस' असं होतं, मध्ये 'व'सकट. क्रीटमधल्या क्नोसॉसच्या मातीच्या पाट्यांवर ते 'व'सह सापडतं. पुढे आयोनियन बोलीतून हा 'व' गळून गेला आणि 'इओनेस' उरलं. पण तोवर शब्द शेजाऱ्यांच्या तोंडी बसला होता. हिब्रूत 'यावान', जुन्या फारसीत 'यौन', प्राकृतात 'योन', संस्कृतात 'यवन'. ग्रीकांनी हरवलेला 'व' आपण अजून सांभाळून आहोत! आपल्याकडे हा शब्द इराणच्या वाटेनं आला असं बहुतेक अभ्यासक मानतात. दारयवहुच्या (म्हणजे दरायसच्या) बेहिस्तूनच्या शिलालेखात, साधारण इ.स.पू. 520च्या सुमारास, त्याच्या ताब्यातल्या प्रदेशांच्या यादीत 'यौन' आहे. इराणी आपल्याला या नावानं ओळखतात हे ग्रीकांनाही ठाऊक होतं. ग्रीक नाटककार एस्किलसच्या इ.स.पू. 472च्या नाटकात इराणी राणी अथेन्सकडच्या मुलखाला 'इआओनांची भूमी' म्हणते.

मग ग्रीक स्वतःला काय म्हणत? हेलेनेस. पण हेही पहिल्यापासून नाही. होमरच्या काव्यात ट्रॉयवर चालून गेलेले लोक बहुतेक ठिकाणी अखियन, आर्गिव्ह किंवा दनाअन आहेत, आणि 'हेलेनेस' म्हणजे थेसलीच्या एका कोपऱ्यातली माणसं. ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीसनं इ.स.पू. 5व्या शतकातच हे टिपून ठेवलंय. नाव पसरत गेलं तशी त्याला वंशावळही हवीच होती. ती अशी: प्रलयातून वाचलेल्या ड्युकॅलियनचा मुलगा हेलेन. त्याचे तीन मुलगे डोरस, एओलस आणि झुथस. झुथसचे दोन मुलगे, अखियस आणि इओन. डोरियन, एओलियन, अखियन, आयोनियन अशी सगळी जमात एका आज्याच्या घरात बसवली. यांतला एकही पुरुष कधी होऊन गेला असं मानायचं कारण नाही. आधी गट, मग गटाचं नाव, आणि शेवटी त्या नावाला बाप, असाच हा उलटा प्रवास आहे.

आणि बाप बदलता येतो. युरिपिडीसचं 'इओन' नावाचं नाटक आहे, अथेन्स आणि स्पार्टाचं युद्ध (इ.स.पू. 431 ते 404) चालू असतानाचं. त्यात इओन झुथसचा नाहीच, तो अपोलो देवाचा आणि अथेन्सच्या राजकन्येचा, क्रेऊसाचा मुलगा. शेवटी अथेना देवी येऊन सांगते की क्रेऊसाला झुथसपासून पुढे आणखी दोन मुलगे होतील, डोरस आणि अखियस. म्हणजे पाहा, स्पार्टाचे डोरियन ज्याचे वंशज, तो डोरस चुलत्याच्या जागेवरून उतरून थेट धाकटा भाऊ झाला, तोही अथेन्सच्या मुलीच्या पोटचा आणि साध्या माणसाचा. थोरला मात्र देवाचा. शत्रूला वंशवेलीतच खालच्या पाटावर बसवलं! त्याच नाटकात नावाची व्युत्पत्तीही आहे: झुथस देवळातून बाहेर पडताना मुलगा समोर आला, म्हणून 'इओन', 'जाणारा'. शब्दांच्या व्युत्पत्ती सांगणाऱ्या आपल्या यास्काचार्यांना आवडली असती.

एवढं असून, आयोनियनांतच मोडणाऱ्या अथेन्सच्या लोकांना 'आयोनियन' म्हणवून घ्यायची लाज वाटायची, असं ग्रीक इतिहासकार हिरोडोटस लिहितो. किनाऱ्यावरच्या 'शुद्ध' आयोनियनांचीही तो चांगलीच उतरवतो. म्हणतो, अथेन्सहून निघालेल्यांनी बायका बरोबर नेल्याच नाहीत. मिलेटसला पोचून तिथल्या कारियन पुरुषांना मारलं आणि त्यांच्याच मुली केल्या. म्हणून त्या बायकांनी शपथ घेतली आणि लेकींनाही घालून दिली की नवऱ्याच्या पंगतीला बसायचं नाही आणि त्याला नावानं हाक मारायची नाही. हे वाचताना मराठी माणूस थबकतोच. नवऱ्याचं नाव न घेणं आपल्याकडे मर्यादेचं लक्षण, तिथे बापाच्या खुनाची आठवण.

आता नाव पुढे जातं तसे त्याला नवे बाप मिळतात. बायबलच्या उत्पत्तीच्या पुस्तकात यावान हा नोहाचा नातू, याफेथचा मुलगा. महाभारताच्या आदिपर्वात 'यदोस्तु यादवा जातास्तुर्वसोर्यवनाः सुताः', म्हणजे यवन ययातीच्या तुर्वसूचे. रामायणात तर वसिष्ठांच्या गाईच्या योनीतून यवन आणि शेणातून (शकृत्) शक निघतात. ही नुसती ध्वनीवर खेळलेली व्युत्पत्ती, झुथसच्या 'जाणारा'इतकीच खरी. ज्यानं त्यानं या परक्यांना आपल्याच घराण्याच्या कुठल्या तरी फांदीवर बसवलं.

पाणिनीला असल्या भानगडीत रस नव्हता. इंद्राची इंद्राणी, मातुलाची मातुलानी सांगणाऱ्या सूत्रातच तो 'यवन' घेतो. त्यावर पाणिनीच्या सूत्रांचा टीकाकार कात्यायन बजावतो, 'यवनाल्लिप्याम्': यवनानी म्हणजे यवनाची बायको नव्हे, यवनांची लिपी.

आपल्याकडच्या लेण्यांत हा शब्द दगडावर आहे. कार्ल्याच्या चैत्यगृहातल्या खांबांवर धेनुकाकटच्या यवनांनी खांब दान केल्याचे लेख आहेत, पण दात्यांची नावं 'सिहधय', 'धंम' अशी. नाशिकच्या 17व्या लेण्याचा दाता उत्तरेकडून आलेला योणक (म्हणजे यवनच), नाव इंद्राग्निदत्त, बापाचं नाव धर्मदेव. त्याच डोंगरात 3 नंबरच्या लेण्यात गौतमी बलश्रीचा लेख आपल्या मुलाला, गौतमीपुत्र सातकर्णीला, 'सक-यवन-पल्हव-निसूदन' म्हणतो. यवनांचा संहार करणाराही तिथेच आणि स्वतःला यवन म्हणवून लेणं कोरवणाराही तिथेच, चालत काही मिनिटांच्या अंतरावर. ही माणसं वंशानं ग्रीक होती की नुसतं नाव उरलं होतं, यावर अभ्यासकांत वाद आहे.

नाव असं सैल झालं की ते पश्चिमेकडून येणाऱ्या कुणालाही बसतं. मुसलमानांना 'यवन' म्हणू लागले ते याच वाटेनं. शिवाजी महाराजांनी करवून घेतलेल्या राज्यव्यवहारकोशात 'यवनवचनैः' म्हणून तक्रार आहे ती मुख्यतः फारसी शब्दांची. म्हणजे ज्यांनी आपल्याला हा शब्द दिला त्या इराण्यांच्याच भाषेवर तो उलटला! दुसरीकडे ग्रीक वैद्यक अरबी-फारसीतून आपल्याकडे आलं ते 'युनानी' होऊन, म्हणजे तोच शब्द दुसऱ्या दारानं. 'ग्रीक' मात्र वेगळा. तो रोमनांच्या 'ग्राएकी'वरून, इंग्रजीच्या मार्गानं आलेला. आजच्या ग्रीसमध्ये कुणी स्वतःच्या देशाला ग्रीस म्हणत नाही, 'एलाडा' म्हणतात.

जाता जाता: 'यवनिका' (नाटकाचा पडदा) या शब्दावरून आपलं नाटक ग्रीकांकडून आलं, असं कुणी सांगितलं तर लगेच मान डोलवू नका. ग्रीक रंगमंचाला दर्शनी पडदाच नव्हता, आणि 'जवनिका' असंही रूप जुन्या ग्रंथांत आढळतं.

तेव्हा लिहिताना सातवाहनकाळाबद्दल 'यवन' लिहा आणि एकदा अर्थ सांगून टाका. अथेन्स-स्पार्टाबद्दल 'ग्रीक'च बरा, कारण तिथे 'यवन' लिहिलंत तर स्पार्टाचा माणूसही आयोनियन होऊन बसेल. आणि जुन्नरला गेलात तर लेण्यांजवळची पाण्याची टाकी बघा. त्यांच्यापैकी दोन, लेखाच्या भाषेत 'बे पोढियो', इरिल नावाच्या यवनानं दिलेली आहेत. बापाचं नाव त्यानं लिहिलेलं नाही.