कालबांध कोणत्या काळाला धरून चालतो, हे आधी ठरवा

आपला प्रश्न वाचला आणि माझे जुने बाड डोळ्यांसमोर आले. आपल्या कादंबरीतल्या जगात काळ जागोजागी वेगळ्या गतीने वाहतो, माथ्यावर एक दिवस सरतो तोवर खोऱ्यात तीन दिवस उलटतात, आणि नगराभोवतीचा ‘कालबांध’ त्याला एका गतीत धरून ठेवतो. मात्र दुसरे नगर कथेत आले की हिशेब विस्कटतो, असे आपण लिहिले आहे. हे यंत्र स्फटिकाचे असावे की पाण्यावर चालणारे, असा आपला प्रश्न आहे. माझ्या मते अडचण यंत्रात नाही. मी भौतिकशास्त्राचा जाणकार नाही आणि माझी कादंबरी अजून छापलेली नाही, तेव्हा हे एका अनुभवी माणसाचे मत एवढेच समजावे. नकाशा, ऋतू, राजवंश आपण ठरवले असतीलच, म्हणून त्याविषयी लिहीत नाही.

माझ्या कथेत प्रत्येक नगरात एक कालस्तंभ होता. त्याचे रत्न, त्याची दातेरी चाके, पिढ्यान्‌पिढ्या त्याला तेल घालणारे घराणे, असे सगळे मी चाळीस पाने रंगवले. स्तंभ काळ स्थिर करतो हेही लिहिले. पण कशाच्या मानाने स्थिर, हे ठरवलेच नाही. राजधानीतली थोरली बहीण आणि सीमेवरच्या गावात दिलेली धाकटी विसाव्या प्रकरणात भेटतात. नववीतल्या माझ्या भाचीने तिथे समासात पेन्सिलीने लिहिले होते : “मामा, धाकटी आता चार वर्षांनी मोठी झाली ना?” तिने माझ्याच पानांवरचे आकडे मांडून वजाबाकी केली होती आणि ती बरोबर होती. दोन्ही स्तंभ आपापल्या जागी स्थिर होते, फक्त एकमेकांशी बांधलेले नव्हते. त्या एका चुकीपायी १८० पाने काढून टाकावी लागली.

ही चूक वर्षभर आधी सापडली असती. तेच बाड एका प्रकाशन कार्यालयात चौदा महिने पडून होते. दर महिन्याला फोन केला की “वाचनात आहे” हेच उत्तर मिळे. परत आले तेव्हा मी मारलेली सुतळीची गाठ जशीच्या तशी होती. नकाराचे दुःख नव्हते. उत्तर येईल म्हणून त्या चौदा महिन्यांत मी एका ओळीला हात लावला नाही, याचे आजही वाईट वाटते. आपण बाड कुठेही पाठवा, पण हिशेबात पक्क्या असलेल्या एका वाचकाला आधी दाखवा आणि वाट पाहताना लिहिणे थांबवू नका.

आता मुद्द्याचे. छत्रपती संभाजीनगरात सूर्य डोक्यावर येतो तेव्हा घड्याळात सरासरीने १२ वाजून २९ मिनिटे झालेली असतात, नांदेडला १२ वाजून २१. मराठवाड्यातच आठ मिनिटांचा फरक पडतो, तरी दोन्हीकडची घड्याळे जुळतात, कारण ८२.५ अंश पूर्व रेखांशाची वेळ सर्वांनी प्रमाण मानली आहे. ही वेळ १९०६ मध्ये लागू झाली, तरी मुंबईत ३९ मिनिटे मागे असलेली स्वतःची वेळ १९५५ पर्यंत टिकून होती. आपल्या दुसऱ्या नगराला असा हट्ट देता येईल. काळच वेगळा वाहण्याचे खरे उदाहरणही आहे. जीपीएसच्या उपग्रहांवरील घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात, म्हणून त्यांची गती आधीच तेवढी कमी ठेवतात. त्यांत बिघाड काहीच नसतो. जमिनीचा काळ प्रमाण धरला, म्हणून दुरुस्ती उपग्रहावर होते.

प्रमाण पक्के असेल तर यंत्र ओबडधोबडही चालते. लग्नात घंगाळातल्या पाण्यावर घटिकापात्र सोडत, तेच पाहा. तळाच्या छिद्रातून पाणी आत येते, वाटी भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटे. मी तशी वाटी करून घेतली होती; आमच्या बोअरच्या पाण्याचा क्षार छिद्रात बसला आणि काही आठवड्यांतच तिची घटका लांबली. पण घटका सूर्योदयापासून मोजतात, त्यामुळे वाटीची चूक दुसऱ्या दिवसापर्यंत पोचत नाही. आपल्या कालबांधाला असा सूर्योदय कोणता, तो कुठे जपला जातो आणि चूक दुरुस्त करण्याचा अधिकार कोणाला आहे, एवढे लिहून काढा. स्फटिक की पाणी, हे त्यातूनच सुचेल.

हे प्रमाण दूरच्या नगरापर्यंत पोचायला वेळ लागतो, हेही मी विसरलो होतो. जायकवाडीचा डावा कालवा २०८ किलोमीटरचा आहे. पैठणला पाणी सोडल्याबरोबर ते शेवटच्या चारीत दिसत नाही, आणि टेलच्या शेतकऱ्याचे सगळे नियोजन त्या उशिरावर बेतलेले असते. सीमेवरच्या माणसांचा राग, त्यांचे सण, त्यांचे करार अशा उशिरातूनच घडतील, असे मला वाटते.

आपल्या दुसऱ्या नगराचा कालबांध पहिल्याकडून ताल घेतो की स्वतःचा धरतो, हे एका वाक्यात इथे कळवा. बहिणींच्या वयांचा तक्ता मी नंतर नव्याने केला, तो त्याप्रमाणे बदलून आपल्याला देतो.